सुखदेवचं काम

"तू ॲक्टिंग करू नकोस रे बाबा, नुसतं वाच," मी प्रतापला तिसऱ्यांदा सांगितलं.

"अरे पण इथे मुलगी रडतेय ना? मग सपाट कसं वाचू?"

"सपाटच वाचायचं. कॅमेऱ्यासमोर मी आहे, तू नाहीस."

अमेरिकेतल्या आमच्या पार्सिपनीच्या घरातली गेस्ट रूम. भिंतीवर कमलाची निळी चादर ठोकलेली, इस्त्रीच्या टेबलावर तीन डबे एकावर एक, त्यावर टेकवलेला फोन. हल्ली ऑडिशनला कोणी बोलवत नाही. आपलं आपणच घरी शूट करून पाठवायचं, त्याला सेल्फ-टेप म्हणतात. समोरच्या पात्राची वाक्यं फोनच्या मागे उभं राहून कुणीतरी वाचतं, तो रीडर. टेपमध्ये त्याचा फक्त आवाज येतो. रीडरने अभिनय करायचा नाही, हा या धंद्यातला साधा शिष्टाचार. माझा रीडर गेली आठ वर्षं प्रताप लिमये.

मी लहू मेश्राम. नाव तुम्ही ऐकलेलं नाही, पण चेहरा कुठेतरी पाहिला असेल. औषध कंपनीच्या लॅबमध्ये तीस वर्षं नोकरी केली आणि सुट्ट्या घालवून घालवून नट झालो. आजवर टॅक्सीवाला अकरा वेळा, मोटेलवाला सहा वेळा, डॉक्टर चौदा वेळा. दुकानदार होऊन गल्ल्यामागे तीनदा गोळी खाल्ली. कमला म्हणते, "तुम्हाले टीव्हीवर पाहाचं तर चहा आधीच करून ठेवा लागते. तो उकळेपर्यंत तुम्ही मेलेले राहता."

हे वेड लावलं फिंटनने. मूळचा डब्लिनचा. तिकडे रंगभूमीवर आणि इकडे सिनेमात त्याने जन्मभर पाद्री, पोलीस आणि दारुडेच केले. आमच्या गावाजवळ चर्चच्या तळघरात तो नाटकाचा वर्ग घ्यायचा. लोक त्याला रस्त्यात थांबवून विचारायचे, "तुम्ही आमच्या बँकेत होता का हो?" तो खुशाल हो म्हणायचा. "दोन वाक्यांचं काम असलं तरी आत शिरताना अख्खा माणूस घेऊन शिर," असं तो मला सांगायचा. पाच वर्षांपूर्वी गेला. पेपरात चार ओळी आल्या, त्यात त्याच्या पात्रांपैकी एकाचंही नाव नव्हतं. नसणारच, कारण त्याच्या पात्रांना नावंच नसायची. माझ्याही नाहीत. शेवटी नटांच्या नावांच्या पाट्या भरभर जातात तेव्हा माझ्यासमोर लिहिलेलं असतं, 'डॉक्टर नंबर दोन'.

आणि आता हे काम आलं होतं. प्रीता नावाच्या इथेच वाढलेल्या एका मुलीने सिनेमा लिहिला होता. माझ्यासारखाच नागपूरच्या वस्तीतून अमेरिकेत आलेला म्हातारा, त्याची बायको हॉस्पिटलात, मुलगी लांब दुसऱ्या राज्यात, चँडलरला. म्हाताऱ्याचं नाव सुखदेव. पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत सुखदेव! एका बैठकीत दोनदा वाचून काढलं, खोटं कशाला बोलू? हे काम मी नाही करायचं तर कुणी?

"एकदम ए-वन झालं," टेप पाहून प्रताप म्हणाला. "माझ्या लॅपटॉपवरून पाठवतो. तुझा तो ई-मेल म्हणजे कचरापेटी आहे."

ते खरंच होतं. माझ्या टेप नेहमी तोच पाठवायचा, खाली त्याचाच पत्ता असायचा आणि उत्तरंही त्यालाच यायची. 'नाही'च यायचं बहुतेक, ते तो फोन करून हळूच सांगायचा.

आता तुम्ही म्हणाल, इतका विश्वास? का नसावा? सव्वीस वर्षांपूर्वी इथल्या मराठी मंडळाच्या नाटकात मला गड्याचं काम दिलं. पुढच्या वर्षी हवालदाराचं, त्यापुढच्या वर्षी पुन्हा गड्याचं. विचारलं तर कमिटी म्हणाली, लहूचे उच्चार नायकाला शोभत नाहीत. तेव्हा भर मीटिंगमध्ये उभा राहून भांडला तो एकटा प्रताप. पुण्याचा लिमये, स्वतः दरवर्षीचा नायक. "असले बुरसटलेले विचार असतील तर मी चाललो," म्हणाला आणि खरंच बाहेर पडला. त्या दिवसापासून माझ्या घरात तो घरचाच. त्याची कांचन आणि माझी कमला अजून महिन्यातून एकदा जवळच्या आयसेलिनच्या देशी बाजारात जोडीने खरेदीला जातात.

दोन आठवडे गेले, तीन गेले. आम्ही दोघं हिवाळ्यात मॉलमध्ये फेऱ्या मारतो. इकडचे सगळेच रिटायर लोक मारतात. दर फेरीला मी विचारायचो, "काही आलं का?"

"नाही यार. आलं की तुला पहिलं सांगीन."

पाचव्या आठवड्यात त्याने फेऱ्या बंद केल्या. गुडघा दुखतो म्हणाला. मी कमलाने केलेलं तेल नेऊन दिलं.

एप्रिलमध्ये माझ्या फोनवर मेसेज आला. न्यूयॉर्कच्या एका कास्टिंग ऑफिसकडे 'इंडियन डॉक्टर' या खणात माझा नंबर वर्षानुवर्षं पडून आहे. त्यांचा ठरलेला डॉक्टर आजारी पडला होता. उद्या सकाळी आठ वाजता पोहोचाल का, एकच सीन आहे. सिनेमाचं नाव मी दोनदा वाचलं. तोच सिनेमा.

"काहून जाता?" कमला म्हणाली. "ज्यांनं मोठं काम नाही देल्लं, त्याचं उरलंसुरलं कशाले कराचं?"

"नट आहे मी. बोलावलं की जायचं."

खरं सांगू? सुखदेव कोण करतंय ते मला बघायचं होतं.

शूटिंग एका बंद पडलेल्या क्लिनिकमध्ये होतं. पांढरा कोट चढवतोय तोच प्रीता धावत आली. तिशीची असेल, केस कसेतरी बांधलेले.

"लहू अंकल! ओ माय गॉड, तुम्ही इंडियातून परत कधी आलात?"

"इंडियातून?"

"तुमची टेप आम्हाला सो आवडली होती. मी सेकंड राउंडला बोलावलं ना! पण रिप्लाय आला की तुम्ही सहा महिने नागपूरला आहात, नॉट अव्हेलेबल. मी खूप अपसेट झाले. मग ज्यांनी रिप्लाय केला तेच म्हणाले, टेपमध्ये वाचणारा आवाज माझा आहे, मी ट्राय करू का?"

 गेल्या सहा महिन्यांत मी आयसेलिनच्या पलीकडे गेलो नव्हतो.

त्याच क्षणी तिला सगळं सांगता आलं असतं. पण तीन आठवड्यांचं शूटिंग झालेलं. तिचा पहिला सिनेमा. आता सांगून त्या पोरीने काय करायचं होतं? फिल्म फाडून टाकायची? आणि म्हाताऱ्या नटाचं रडगाणं या जगात फार स्वस्त असतं, ते मी पुष्कळ ऐकलंय.

"हो," मी म्हणालो. "परत आलो."

प्रताप मागच्या खोलीत खुर्चीवर बसला होता. मळका शर्ट, पांढरे खुंट वाढवलेले. खुर्चीच्या पाठीवर कागद चिकटवला होता, 'सुखदेव'. मला पाहून तो अर्धवट उठला.

"लहू... तू इथे कसा?"

"नागपूरहून आलो. विमान वेळेवर होतं."

"अरे, मी सांगणारच होतो."

"केव्हा? सिनेमा लागल्यावर? तिकीट काढून देणार होतास का?"

"हळू बोल ना यार. मी तुझ्या तब्येतीचा विचार केला. तुझी ॲन्जिओप्लास्टी झालेली, इथे दिवसाला बारा-बारा तास..."

"ते मला विचारायचंस."

त्याने मळक्या शर्टाची बाही दुमडली. मग एकदम म्हणाला, "तुझी तीस-पस्तीस कामं झालीयेत टीव्हीवर. माझं एक नाही. आयुष्यभर मंडळाच्या स्टेजवर पाच-दहा शो, तेही आपल्याच लोकांसमोर. मला एकदा नाही वाटणार का?"

"वाटावं की. तू स्वतःची टेप पाठवायचीस. मी रीडर झालो असतो तुझा. सपाट वाचलं असतं."

  मला राग येईल असं वाटत होतं, तोही आला नाही. हाक आली आणि आम्ही दोघं एकाच दाराने आत गेलो.

सीन साधा होता. डॉक्टर बाहेर येतो, सुखदेवला सांगतो की बायको वाचली नाही. सुखदेव गप्प उभा राहतो. बस.

मी माझी वाक्यं बोललो. चौदा डॉक्टरांनी मिळून जितक्या बातम्या दिल्या असतील, तितकं वजन त्या दोन वाक्यांत आलं, हे मला बोलताना कळत होतं. प्रताप उभा राहिला. मग त्याने चष्मा काढला, शर्टाच्या टोकाने सावकाश पुसला, पुन्हा घातला आणि माझ्याकडे बघून म्हणाला, "तू जेवला का?"

हे स्क्रिप्टमध्ये नव्हतं.

हे माझ्या बापाचं होतं. बाबा मिलमध्ये कामाला होते. माझी धाकटी बहीण दवाखान्यात वारली तेव्हा शेजारचा पोऱ्या उन्हातून धावत निरोप घेऊन आला. बाबांनी चष्मा काढला, सदऱ्याच्या टोकाने पुसला आणि त्यालाच विचारलं, "तू जेवला का?" मग त्याला भाकर वाढली, आणि त्यानंतर रडले. साठ वर्षांत मी हे दोन माणसांना सांगितलं. एक कमला. दुसरा प्रताप, या फेब्रुवारीत, मॉलच्या तिसऱ्या फेरीला. त्याने विचारलं होतं, "तुझे बाबा दुःख झालं की काय करायचे रे?" मला वाटलं, मित्र आहे, विचारतोय. सांगून झाल्यावर त्याने माझ्या पाठीवर हात ठेवला होता.

जेवला का. तेच उच्चार. जे नायकाला शोभत नव्हते.

काम तो चोरू शकतो, कामं लोक चोरतातच. पण बाप?

सीन मोडायचा नसतो. मी डॉक्टर होतो आणि डॉक्टर तिथेच उभा राहिला. माझ्या डोळ्यांत पाणी आलं ते कॅमेऱ्याने घेतलं असेल तर घेतलं असेल.

"कट!" प्रीता डोळे पुसत आली. "प्रताप अंकल, ते जेवला का! कुठून सुचलं तुम्हाला?"

प्रतापने माझ्याकडे पाहिलं. एक क्षण मला खरंच वाटलं की तो सांगेल. एवढं तरी सांगेल. सांगितलं असतं तर मी बाकीचं कदाचित गिळलं असतं, इतका मी मूर्ख आहे.

"असंच," तो म्हणाला. "आतून आलं."

सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. लाइटवाल्यांनीसुद्धा.

"आणि तुम्हा दोघांमध्ये काय होतं ते! अनबिलीव्हेबल," प्रीता माझ्याकडे वळली. "किती वर्षं ओळखता तुम्ही एकमेकांना?"

"अगं, पंचवीस वर्षं!" प्रताप घाईने म्हणाला. त्याने माझ्या खांद्यावर हात टाकला. "फॅमिलीच आहोत आम्ही. टेप पण आम्ही एकत्रच केली ना."

मी तो हात उचलून हलकेच बाजूला ठेवला. आयुष्यात मी मुद्दाम वाईट अभिनय कधी केला नाही, तेव्हाही केला नाही.

"यांचा काहीतरी गैरसमज होतोय," मी प्रीताला म्हणालो. "टेपमध्ये नुसता आवाज होता, तो कुणाचाही असतो. माझी यांची ओळख आजच झाली."

मग मी प्रतापपुढे हात केला. "नमस्कार. मी लहू मेश्राम. काम चांगलं केलंत तुम्ही."

 सगळे आमच्याकडेच बघत होते, म्हणून त्याला हात पुढे करावाच लागला. मी तो हलवला, कोट काढून हँगरला लावला आणि गाडीची किल्ली शोधायला लागलो.