सातवी पायरी

सुताराच्या स्वतःच्या घरातली पायरी कुजावी, याहून मोठी थट्टा कोणती? पण थोरल्याने ती कोर्टात जाऊन, वकील लावून ओढवून घेतली होती.

वडील गेले आणि घराची वाटणी तशीच राहिली. थोरला सुतार वर, धाकटा खाली, लाकडी जिना दोघांचा. धाकट्याला घर पाडून नवं बांधायचं होतं. थोरल्याने ‘जैसे थे’चा हुकूम आणला: दाव्याचा निकाल लागेपर्यंत घरातलं काहीही कोणीही बदलायचं नाही. त्या दिवशी गडी असा ताठ चालत होता, जणू कोर्टच त्याच्या नावावर झालं.

पुढे धाकट्याने जिन्याच्या डुगडुगणाऱ्या कठड्याला दोन स्क्रू मारले. झालं. थोरल्याने फोटो काढून कोर्टाच्या अवमानाचा अर्ज ठोकला. धाकट्याला भर कोर्टात हात जोडून बिनशर्त माफी मागावी लागली, वर स्वतःच्याच हाताने ते स्क्रू काढावे लागले. थोरला कमरेवर हात ठेवून बघत होता.

वर्षभरात भिंतीतली ओल लागून सातवी पायरी कुजली. थोरल्याने आपल्या कारखान्यात सागाची फळी रंधा मारून, कडा गोल करून तयार ठेवली. बसवायला अर्धा तास पुरला असता.

“हात लावाल तर अवमान तुमच्याच गळ्यात पडेल,” वकील म्हणाले. “भावाकडून ‘हरकत नाही’ असं लिहून आणा. पुढच्या तारखेला परवानगी घेऊ.”

“त्याच्या दारात मी? मेलो तरी नाही.”

“अहो, मी जाते,” बायको म्हणाली. “भाऊजी नाही म्हणायचे नाहीत.”

“त्याच्या हातचं चिटोरं या घरात आलं, तर न वाचता फाडून टाकीन. तू आपली सातवी ओलांडून चढत जा.”

आणि ती बिचारी ओलांडत राहिली. चार महिने. एका सकाळी कडेवर धुतलेल्या कपड्यांची टोपली होती, खालचं दिसलं नाही, आणि पाय नेमका सातवीवर पडला.

थोरला कारखान्यातून इस्पितळात पोचला, तोवर धाकट्याने वहिनीला उचलून आणून दाखलही केलं होतं. खुब्याचं हाड मोडलं होतं. चालेल काठीच्या आधाराने, डॉक्टर म्हणाले, पण जिना आता विसरा.

बाहेर बाकावर धाकटा बसला होता. थोरल्याच्या रागाला कोणीतरी हवंच होतं. “झालं समाधान? एक सही दिली असतीस, तर ही वेळ आली नसती.”

धाकट्याने वर बघितलं. “दिली होती की, दादा. वहिनी आली होती मागायला. चार महिने झाले.”

थोरला आत गेला. बायकोने छताकडे बघतच सांगितलं, “कागद शिवणाच्या डब्यात आहे. दोनदा बाहेर काढला. म्हटलं, तुम्ही फाडाल, आणि दुसरा मागायला मला तोंड राहणार नाही.”

नसता फाडला, असं म्हणायला त्याने तोंड उघडलं. पण इतकी वर्षं जिच्याशी संसार केला, तिच्याशी खोटं बोलायचं धाडस त्याला झालं नाही.

घरी बटणांच्या खाली कागद सापडला. अक्षर धाकट्याचं. ‘सातवी पायरी बदलायला माझी हरकत नाही. काम दादानेच करावं. त्याच्याइतकं नीट दुसऱ्या कोणाला जमणार नाही.’ खाली सही, तारीख. तो तिथेच फरशीवर बसला आणि स्वतःच्या थोबाडीत मारून घ्यावी असं त्याला वाटलं.

पुढच्या तारखेला परवानगी दोन मिनिटांत मिळाली. त्याने फळी अशी बसवली की फटीत सुरीचं पातं शिरणार नाही. बायकोची खाट तेव्हा खाली, धाकट्याच्या बाहेरच्या खोलीत होती.

“झालं का हो काम?” तिने विचारलं.

“झालं.”

“पायरी आवाज नाही ना करत आता?”

“नाही,” तो म्हणाला, आणि हत्यारं उचलून एकटाच वर गेला.