माझा उरलेला एक वेढा

मी बोलतेय, भिंतीवरच्या लोखंडी कपाटातली पिवळी केबल. आधी ते दार जरा हळू लावा, मग निवांत सांगते. निवांत म्हणजे माझ्यापरीने. माझा स्वभाव घाबरट आहे आणि त्याला कारणही तसंच आहे.

माझ्या पोटात काचेचा धागा आहे, केसाएवढा बारीक. त्यातून वीज जात नाही, उजेड जातो. कारखान्यात तापलेल्या काचेच्या कांडीतून मला ओढून काढलं, भोवती मजबूत दोऱ्यांचा थर दिला, वर पिवळं आवरण चढवलं आणि मोठ्या रिळावर गुंडाळलं. रिळावर ठळक अक्षरांत लिहिलं होतं, 'जपून हाताळा'. ते मोठ्याने वाचून दाखवत हमालांनी मला ट्रकमधून खाली ढकललं. माणसं पाट्या लिहितात ती बहुतेक लिहिल्याच्या समाधानासाठी, असं माझं तेव्हापासूनचं मत आहे.

मी आले ती एका हॉस्पिटलात. तिथे दोन इमारती आहेत आणि त्यांना जोडणारा छप्पर घातलेला लांब पूल. एका इमारतीत स्कॅनचं मशीन, दुसरीत ते स्कॅन वाचणाऱ्या डॉक्टर. कुणाच्या डोक्याचं, कुणाच्या पोटाचं चित्र माझ्या एका टोकाने आत शिरतं आणि दुसऱ्या टोकाला डॉक्टरांच्या पडद्यावर उमटतं. चालत जायचं तर वाटेतल्या खुर्च्या, स्ट्रेचर आणि गप्पा धरून दहा मिनिटं लागतात.

मला बसवलं ताईने. केबल जोडणं हा तिचा धंदा, आणि तिच्या दुप्पट वयाची माणसंही तिला ताईच म्हणतात. तिने मला पुलाच्या छतावरून नेताना एकदाही हिसका दिला नाही. वळण आलं की मोठा, गोल बाक द्यायची, कारण काच वाकते पण कोपरा घेत नाही. टोकं सांधताना श्वास रोखून धरायची. टोक पुसल्याशिवाय तिने ते कधी मशीनमध्ये खोचलं नाही. धुळीचा एक कण म्हणजे माझ्या वाटेतला धोंडा, हे तिला पाठ होतं.

शेवटी तिने माझी थोडी लांबी जास्तीची ठेवली. कपाटात तीन सैल वेढे घातले आणि कापडी पट्टीने अलगद अडकवले.

"काका, ही ढील आहे," ती म्हणाली. "उद्या काही झालं तर हीच कामाला येईल. हिला हात लावू नका."

"मी कशाला लावतोय हात!" काका म्हणाले.

काका म्हणजे स्टोअरचे काका. कपाटाची किल्ली त्यांच्याकडे. माणूस भला, पण नीटनेटकेपणाचं वेड. त्यांच्या टेबलावर पेन्सिली उंचीप्रमाणे उभ्या असतात. झाडू खुंटीवर तिरका दिसला तर त्यांचा घास घशाखाली उतरत नाही. माझे तीन वेढे त्यांच्या डोळ्यांत रोज खुपत होते, हे मला दिसायचं. ते दार उघडायचे, बघायचे, उसासा टाकायचे आणि दार लावायचे. मी जीव मुठीत धरून बसलेली असायचे.

एक दिवस वरून तपासणीचे लोक येणार होते. काकांनी सकाळीच प्लॅस्टिकचा बंद आणला. माझे वेढे गोळा केले, दाबून चपटे केले, दोन जाड निळ्या केबलींच्या मागे सारले आणि बंद ओढला. कट्, कट्, कट्. मला वाटलं, आता थांबतील. त्यांनी आणखी एक कट् काढला. मग नेलकटरने बंदाचं शेपूट उडवलं आणि दोन पावलं मागे सरून बघितलं.

"आता कसं शोभतंय!"

माझी मान मुरगळली होती. त्या वळणावर माझ्यातला उजेड बाहेर सांडायला लागला. तरी उरलेल्यावर भागत होतं. पण काकांनी दार लावलं आणि दाराची आतली कड निळ्या केबलींसकट नेमकी त्या गठ्ठ्यावर दाबली गेली. उजेड थांबला. तपासणीचे लोक काकांचं कौतुक करून गेले, आणि मी बंद पडले.

ताईला बोलावणं गेलं. ती धावत आली. काकांनी दार उघडलं, कड सुटली आणि मी चालू. ताईने उजेड मोजायचा मीटर लावला, टोकं पुसली, मीटर पुन्हा बघितला. "चांगली आहे हो," ती म्हणाली आणि गेली. दार लागलं. गठ्ठा कडेखाली हळूहळू चेपत गेला आणि तासाभरात मी पुन्हा बंद. दवाखान्याच्या पायरीवरच ताप उतरावा, तशी माझी गत झाली. असं तीनदा झालं. तिन्ही वेळा मला ओरडून सांगायचं होतं, "दार लावून बघ गं!" पण मला उजेड नेता येतो, आवाज काढता येत नाही.

तिसऱ्या वेळेनंतर दोनच दिवसांनी, भर दुपारी, जिन्यावरून पडलेल्या एका बाईंना आणलं. डोक्याचं स्कॅन झालं. चित्र माझ्यात अर्ध्यावर आलं आणि तिथेच अडकलं. वॉर्डातल्या मावशी डिस्क हातात घेऊन त्या पुलावरून पळत गेल्या. डॉक्टरांनी चित्र बघितलं, बाई वाचल्या. पण ती मिनिटं मी कशी काढली ते माझं मला ठाऊक. मावशींची धावती पावलं माझ्या अगदी खालून गेली.

दुसऱ्या दिवशी हॉस्पिटलचे मोठे साहेब स्वतः कपाटापाशी आले.

"तीनदा आलात, तीनदा चांगली आहे म्हणालात," ते ताईला म्हणाले. "आजही नाही सापडलं, तर ही केबल उपटायची आणि जोडणारंही दुसरं बघायचं."

ताईचा चेहरा उतरला. मागून काका म्हणाले, "मी तर रोज कपाट पुसतो, साहेब. माझ्याकडून काही नाही." ते खोटं बोलत नव्हते. आपण काही केलंय, हे त्यांच्या गावीही नव्हतं. पण चोर सोडून संन्याशाला सुळी म्हणतात, ते हेच.

ताई स्टुलावर बसली. मीटर पिशवीतच राहू दिला.

"काका, ही बंद पडते तेव्हा दार कसं असतं?"

"लावलेलंच की. उघडं कशाला ठेवीन? धूळ जाते."

"आणि मी येते तेव्हा?"

"तुम्ही आल्यावर मी उघडतो ना…" काका बोलता बोलता थांबले.

ताईने पेनाएवढी लाल दिव्याची कांडी माझ्या टोकाला लावली. "टोकात कुणी डोकावू नका," म्हणाली. "आता लावा दार."

दार लागलं. कपाटाच्या बाजूला हवेसाठी चिरा आहेत. तिघेही तिथे वाकले. निळ्या केबलींच्या मागे, अगदी बंदापाशी, माझ्या पिवळ्या आवरणातून लाल ठिपका चमकत होता.

ताई प्लॅस्टिकचा बंद कधीच वापरत नाही. तिने काकांकडे बघितलं. साहेबांना यातलं काही कळत नव्हतं. काका गप्प राहिले असते तर खपून गेलं असतं. माझी तर पाचावर धारण बसली.

"मी बांधलं," काका म्हणाले. "हिने नको सांगितलं होतं. मला ते लोंबतं बघवेना. साहेब, हिची काही चूक नाही."

"थोडी आहे," ताई म्हणाली. "मी तिन्ही वेळा मीटर बघितला. निळ्या केबली बाजूला सारून बघितल्या नाहीत."

साहेब चिरांपाशी पुन्हा एकदा वाकले. मग ताईला म्हणाले, "दुरुस्त करा. पुढेही तुम्हीच बघायचं." आणि गेले.

काचेला मुका मार लागला होता. ताईने मला तिथे कापलं. दोन वेढे त्यात गेले. उरलेलं टोक तिने पुन्हा सांधलं, आणि ते पोचलं. ती ढील ठेवली नसती तर मी त्या दिवशी संपलेच होते. काकांनी कापलेला तुकडा मागून घेतला, दाराच्या आत खिळ्याला टांगला आणि त्याला चिठ्ठी बांधली, सैलसर. तेव्हापासून ते दार लावल्यावर त्या चिरांतून एकदा बघतात.

आता काका निवृत्त होताहेत. काल नव्या बाई किल्ली घ्यायला आल्या. त्यांनी दार उघडलं आणि माझा उरलेला वेढा बघून म्हणाल्या, "अगंबाई, हे काय लोंबतंय? बांधून टाकू का?"

पाटीवरचा माझा विश्वास तुम्हाला माहीतच आहे. माझ्यातून तेव्हा एका लहान मुलीच्या छातीचं चित्र जात होतं. मी त्या चित्राला घट्ट धरलं.

काकांनी तुकडा खिळ्यावरून काढून बाईंच्या हातात दिला. "आधी हे वाचा. मोठ्याने."

बाईंनी वाचलं, "'ही माझी चूक आहे. हिला एकच वेढा उरलाय.'"

त्यांनी वेढ्याला हात लावला नाही. तुकडा जागच्या जागी अडकवला, आणि दार लावताना दुसरा हात वेढ्याच्या आड धरून कड सावकाश टेकवली. चित्र पोचलं.

हे सगळं तुम्हाला सांगितलं, कारण बाईंनाही कधीतरी सुट्टी असेल, आणि त्या दिवशी हे दार तुमच्या हातात असेल.