दारातला घास

मिरजगावच्या चांगुणाबाईंचा नेम होता. जेवायच्या आधी ताट घेऊन दारात उभं राहायचं आणि तीनदा हाक द्यायची, "कोणी उपाशी हाय का?" येईल त्याच्या हातावर पहिला घास ठेवायचा, मगच आपण जेवायचं. नाव घेऊन मात्र कोणाला बोलवायचं नाही. कोणीच आलं नाही तर तो दिवस पाण्यावर.

शहरात, सावेडीत मुलाच्या फ्लॅटवर आल्यापासून त्या ताट घेऊन खाली उतरत. वॉचमन नाहीतर भाजीवाली भेटेच. आज मात्र नात धनश्रीनं त्यांना तिसऱ्या मजल्यावरच थांबवलं. माणसं एकमेकांना कशी परकी झाली, यावर ती छोटी फिल्म करत होती. गोष्ट नाही, संगीत नाही. न हलणारा कॅमेरा, तीन बंद दारं आणि ताट घेतलेली आजी.

"आजी, रोजच्यासारखी हाक दे. बाकी काही करू नकोस."

"मला कुठं दुसरं काय येतंय?" चांगुणाबाई हसल्या.

त्यांनी पहिली हाक दिली. कोणी आलं नाही. भाकरी निवत गेली. आज बारस, कालच्या एकादशीचा उपास सोडायचा होता. त्यांनी ताट कमरेला टेकवलं. दुसरी हाक दिली, तसं समोरचं दार किलकिलं झालं. एकटे राहणारे सहादेव मास्तर डोकावले.

"झालं का गं शूटिंग? भाकरीचा वास लई छळतोय. येऊ का?"

धनश्रीनं कॅमेऱ्याआडून हातानंच खुणावलं, आत व्हा. दार लागलं.

"दारं तू लावून घ्यायला सांगितलीस व्हय?" चांगुणाबाईंनी हळूच विचारलं.

"अगं बोलू नको ना! दारं उघडली तर एकटेपण दिसणार कसं?"

"म्हंजी यायचा माणूस तू माघारी धाडलास."

धनश्री पुन्हा कॅमेऱ्याआड गेली. पोरगी सकाळपासून नुसत्या चहावर आहे, हे आजीला ठाऊक होतं. पण नाव घ्यायचं नव्हतं. त्यांनी डोक्यावरचा पदर सारखा केला, कॅमेऱ्याकडे तोंड केलं आणि तिसरी हाक दिली.

"कोणी उपाशी हाय का?"

धनश्रीनं कॅमेऱ्यावरून डोळा काढला. मग तो चालू ठेवूनच पुढं आली. आधी समोरचं दार वाजवलं.

"मास्तर, या."

आणि तिनं आजीसमोर ओंजळ धरली.

पहिला घास मास्तरांना, दुसरा तिला. मग चांगुणाबाई उंबऱ्यातच टेकल्या. मास्तर चावता चावता म्हणाले, "ठेचा न्हाई व्हय, चांगुणाबाई?"

"आणते की," म्हणाल्या, पण उठवेना. तिथंच ताट मांडीवर घेऊन त्यांनी बारस सोडली.