अनसाबाईंचे दोन गोठ

यवतच्या हौसराव सोनारांना एकाच गोष्टीचा तोरा होता. कालची चांदी ते पणजीच्या काळातली करून दाखवत. दोन हजार दोन-तीनच्या सुमारास पुण्याच्या दुकानांत काळपट दागिन्यांची टूम निघाली, तेव्हा तर त्यांच्या हाताला फुरसत नव्हती. गंधक आणि चुना उकळलेल्या पाण्यात चांदी सोडायची. ती पिवळी होते, मग जांभळी, निळी आणि शेवटी काळी. नेमकी कधी उचलायची ते म्हणे त्यांच्या नाकाला कळायचं. शेजारच्या ढाब्यावरच्या गिऱ्हाइकांच्या नाकाला मात्र नुसती सडकी अंडी कळायची.

एके दिवशी वरवंडच्या अनसाबाई आईचा चांदीचा गोठ घेऊन आल्या. आईनं तो मनगटात घालून जन्मभर मेंढरं राखली होती.

"आप्पा, गोठ एक आन् पोरी दोन. साधना म्हणती आजीचा मलाच, प्रगती म्हणती मलाच. दिवाळीपास्नं बोलत न्हाईत एकमेकींशी. असाच दुसरा घडवा. खरा थोरलीला दीन, धाकटीची घालीन समजूत."  धाकटीवर बाईंचा जीव जरा जास्तच होता.

हौसरावांना चेव आला. वजन गुंजभरही चुकू दिलं नाही. पोचे पाडले, आतली बाजू मनगटानं झिजते तशी झिजवली, खाचांत काळं ठेवून उंचवटे चिंचेनं उजळले. शेवटची परीक्षा ठरलेली. डोळे मिटून दोन्ही वस्तू हातात फिरवायच्या; हाताला फरक कळला नाही की काम झालं.

हाताला कळला नाही. डोळे उघडले, तर डोळ्यांनाही कळेना!

हौसरावांच्या तोंडचं पाणी पळालं. गोठ उन्हात नेले, भिंग लावलं, एकदा तर चाटूनही पाहिले. तेवढ्यात अनसाबाई दारात हजर.

"माझ्या आईचा कंचा?"

गिऱ्हाइकाला थाप मारणं हौसरावांना नवं नव्हतं, पण या बाईला मारवेना. "चुकलो, बाई. मलाच वळखंना."

अनसाबाईंनी एकेक गोठ मनगटात चढवला, उतरवला, पुन्हा चढवला. डोळे भरून आले. "मला बी न्हाई वळखत."

हौसरावांना मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्यांनी घाईघाईनं कसोटीचा दगड ओढला. "थांबा, घासून बघतो. जुन्या चांदीत तांबं जास्त असतंय. दोन मिन्टांत कळंल."

गोठ दगडाला टेकणार, तोच अनसाबाईंनी त्यांचा हात धरला.

"ऱ्हाऊ द्या, आप्पा."

"आवो, पण आईचा कंचा ते..."

"तुमाला ठावं न्हाई, मला ठावं न्हाई. मंग पोरींना कोण सांगनार?"

त्यांनी दोन्ही गोठ पदरात घेतले, गाठ मारली, डोळे पुसले. मग ती गाठ चांगली गदागदा हलवली आणि वरवंडची जीप पकडायला निघाल्या.