जळालेला दगड

पिन करंगळीच्या नखाएवढीच होती. हिरव्या मिन्यावर एक पांढरं बदक, खाली रोवन लेक क्लबचं नाव — आणि विनीने ती लेस्याच्या तळहातावर ठेवून वरून स्वतःच्या हाताने तिची बोटं मिटवली होती, लहान मुलाच्या हातात खाऊ दिल्यावर मिटवतात तशी. मागची टोचणी उघडी राहिली असावी, कारण मुठीत काहीतरी रुतत होतं. पण मूठ उघडावी, टोचणी बसवावी, बाकीच्या पिनांशेजारी ही पण जाकिटावर लावावी, असं लेस्याला वाटेना. रुतते तर रुतू दे.

"तुम्ही काय घेणार?" तिने विचारलं. विचारायलाच हवं होतं. जिंकणाऱ्यांनी हरणाऱ्यांना पहिला पेला पाजायचा आणि दोन्ही संघांनी एकाच टेबलाशी बसायचं — मग सकाळचे साडेअकरा वाजलेले असोत, नाहीतर बाहेर उणे तीस असो. बर्फावर दगड सरकवायचा हा खेळ, कर्लिंग; आणि हॉकेटच्या कर्लिंग क्लबात हे कुणी भिंतीवर लिहून ठेवलेलं नाही आणि कुणी मोडलेलंही नाही.

"राय व्हिस्की, जिंजर घालून. बर्फ नको गं, बर्फ सकाळपासून पुष्कळ झाला," विनी म्हणाली, आणि स्वतःच्याच विनोदावर खोकेपर्यंत हसली. विनी मॅकासकिल, अडुसष्ट वर्षांची, रोवन लेकची कप्तान. पस्तीस वर्षं तिने शाळेत गणित शिकवलं आणि तिची नजर अजून तशीच आहे — तोंड फळ्याकडे असलं तरी मागच्या बाकावरचं दिसणारी. लेस्याने त्या नजरेला नजर दिली नाही. पेले सांगायला नदीन, तिची मुलगी आणि त्यांच्या संघाची कप्तान, केव्हाच उठून गेली होती.

पाहिलं का हिने?

पाहिलं असेलच. शेवटचा दगड आला तेव्हा विनी कुठे होती? घराच्या मागे — त्या रंगीत वर्तुळांना आम्ही घर म्हणतो — दोन्ही हात झाडूच्या दांड्यावर ठेवून, थोडी वाकून. समोरच्या कप्तानाने तिथेच उभं राहायचं असतं. म्हणजे दगड सरळ तिच्याकडेच येत होता आणि दगड लांब जावा म्हणून त्याच्यापुढचा बर्फ झाडूने घासत येणाऱ्या आम्ही दोघी, ट्रूडी थोडी पुढे, मी दगडाला खेटून... खेटून म्हणजे किती, हाच तर प्रश्न आहे. दांड्यातून हाताला काहीतरी जाणवलं. टक् एवढंच. दाराची कडी नीट बसताना हाताला कळते ना, तेवढं. आवाजही नाही. तिकडून, घराजवळून, आमची बेथ "जोरात! जोरात!" म्हणून गळा फाडून ओरडत होती, मागून नदीन धावत येत होती, आणि दगड तसाच गुरगुरत पुढे गेला, घरात शिरला, विनीच्या दगडाशेजारी मध्यावर येऊन थांबला.

झाडू दगडाला लागला की दगड जळाला. ज्याचा झाडू, त्याने सांगायचं. पंच नसतो, पंच असला तरी तो विचारत नाही, आणि समोरचा संघ तर मेला तरी बोट दाखवणार नाही. ते त्यांना शोभतच नाही. हात वर करायचा, 'जळाला' म्हणायचं, की झालं. एका शब्दाचं काम. लेस्याने हात वर केला होता खरा — पण तो टोपी सारखी करायला.

आणि वेळ नव्हता असंही नाही! नुसत्या डोळ्यांनी कुठला दगड मध्याला जास्त जवळ ते ठरेना, म्हणून मोजायची दांडी आणली, ती मध्याच्या भोकात बसवून बेथने आणि त्यांच्याकडच्या एका पोरीने हळूहळू फिरवली, आधी एका दगडाला, मग दुसऱ्याला... दोन मिनिटं तरी गेली असतील. त्या दोन मिनिटांत लेस्या आपल्या झाडूचं कापड पुसत बसली. कोरडं होतं ते, तरी पुसत होती. मग बेथने नदीनकडे बघून मूठ वर केली आणि नदीन तिथेच, बर्फावर, गुडघ्यांवर बसली.

तो चेहरा. तोच सगळा घोटाळा आहे.

कारण गेल्या वर्षी याच स्पर्धेत, याच तीन नंबरच्या पट्टीवर, पुढे एकही दगड आडवा नसताना नदीनचा शेवटचा दगड अर्ध्यात थांबला होता. अडवायला कुणी नाही, घासायला आई, आणि दगड घरापर्यंत पोचलाच नाही. वर्षभर हॉकेटमध्ये त्या दगडाविषयी कुणी एक अक्षर काढलं नाही. पोस्टात नाही, दुकानात नाही, चर्चच्या तळघरात वारेनिकी, त्या बटाट्याच्या उकडलेल्या करंज्या, वळताना तर नाहीच. आणि न बोलणाऱ्या माणसांपुढून रोज जायचं म्हणजे काय ते नदीनच्या पाठीच्या कण्याला विचारावं. तिने बूट गॅरेजमध्ये फेकले. आठ महिने ती बर्फावर पाय ठेवायला तयार नव्हती. "माझा हात आखडतो आई, तुला कळत नाही का, ऐन वेळी आखडतो!" लेस्यानेच ते बूट पुसले, लेस्यानेच तिला ऑक्टोबरात गाडीत घालून आणलं, आणि आज सकाळी हात आखडला नाही. सव्वीस वर्षांच्या त्या मुलीने पहारेकरी म्हणून पुढे उभ्या केलेल्या दोन दगडांच्या मधून, एका विटेच्या फटीतून म्हणावं तसा, दगड नेऊन ठेवला.

ठेवला ना? तिनेच ठेवला. झाडू लागला तर दगड अडतो, उलट मंद होतो, आणि आम्हाला तर तो पुढे जायला हवा होता. म्हणजे लागला असला तरी तोटा आमचाच! लेस्याला हा हिशोब फार आवडला. तिने तो तीनदा केला. चौथ्यांदा करताना तिच्या लक्षात आलं, की दगड थोडा जास्त जोरात असता, तर त्या टक् शिवाय तो मध्यावरून सटकून मागे गेला असता... आणि दगड जोरात होता की नव्हता, हे तिच्याइतकं कुणालाच माहीत नव्हतं, आणि ते तिला माहीत नव्हतं.

"घासलंत मात्र जीव तोडून," विनी शेजारची खुर्ची ओढून बसत म्हणाली. खरं तर तिने नदीनसमोर बसायचं; कप्तानासमोर कप्तान. "माझ्या पोरींना मी तेच सांगते, बघा म्हटलं, पन्नाशीची बाई कशी शेवटच्या इंचापर्यंत सोडत नाही."

"बावन्न," लेस्या म्हणाली.

"ते तुझं तू बघ. गुडघे कसे आहेत?"

"आहेत."

विनीने मान डोलावली आणि लोणच्याची काकडी उचलली. कुरकुर आवाज करत ती खाली, काचेपलीकडे बघत राहिली. पाठीवर पाण्याची टाकी बांधलेला माणूस दुपारच्या अंतिम सामन्यासाठी बर्फावर थेंब शिंपडत मागे मागे चालला होता. लेस्या त्या जबड्याच्या हालचालीकडे बघत होती. आता बोलेल. काकडी संपली की बोलेल. काकडी संपली आणि विनीने दुसरी घेतली.

लेस्याचे वडील एकदा बोलले होते. जुन्या पत्र्याच्या शेडमध्ये, ती नऊ वर्षांची असताना, घासताघासता मध्येच सरळ उभे राहिले, हात वर केला, "जळाला. माझ्या झाडूने." कुणी पाहिलं नव्हतं. बक्षीस होतं एक भलं मोठं हॅम, आणि ते आता गेलं म्हणून लेस्या बाकावर बसून रागाने रडली होती. मग समोरच्या कप्तानाने दगडाकडे पाहिलं, वडिलांकडे पाहिलं, आणि म्हणाला, "असू दे, आंद्री. आहे तिथे असू दे." तो हक्क त्याचा असतो — दगड काढायचा, हलवायचा, की असू द्यायचा. हॅम घरी आलं ते आलंच, वर तीस वर्षं गावभर बाबांचं नाव निघालं. बाबांना सांगणं परवडलं, हे लेस्याच्या मनात नेहमीच यायचं, आणि ते मनात आल्याची लाजही वाटायची.

असू दे.

विनीसुद्धा तेच म्हणाली असती! हे लेस्याला एकदम, लख्ख कळलं. सकाळी हात वर केला असता तर विनीने चष्मा वर सारून दगडाकडे पाहिलं असतं, मान हलवली असती, 'असू दे गं, काही फरक नाही पडला' म्हणाली असती. नदीनचा दगड नदीनचाच राहिला असता, विनीच्या परवानगीने, सगळ्यांसमोर. म्हणजे मी यांच्याकडून सामना घेतला की नाही, ते देव जाणे. पण ते दोन शब्द म्हणायची संधी मात्र मी नक्की घेतली, आणि आता ती परत देता येत नाही, कारण हात मिळवून झाले आहेत. हात मिळवले की निकाल तो निकाल. आता सांगितलं तर ते फक्त माझं ओझं तिच्या ताटात वाढणं.

तरीही ती म्हणाली, "विनी, तो शेवटचा दगड..."

"हं?"

विनीने पूर्ण वळून पाहिलं. चष्म्यामागचे डोळे निळे, पाणावलेले, वाट बघणारे... की नुसतेच म्हातारे?

"काय दगड होता ना?" मागून नदीन म्हणाली. तिच्या हातात पेल्यांचा ट्रे होता, गाल लाल झाले होते. "मी सांगू का विनी, सोडला तेव्हाच मला कळलं. हातातून जातानाच कळतं ना? वर्षभर विसरले होते मी, ते कसं असतं ते."

"कळतं बाळ," विनी म्हणाली. "कळतं."

नदीन हसली. लेस्याने ते हसू वर्षभर पाहिलं नव्हतं. तिने पेले वाटायला हात पुढे केला.

बाथरूममध्ये ट्रूडी हात धूत होती. ट्रूडी संघाची पहिली खेळाडू, वीस वर्षं लेस्याबरोबर घासणारी. दोघींचे झाडू एका तालात चालतात, नवऱ्यांशी कधी जमलं नाही इतक्या.

"शेवटच्या दगडाला तुला काही दिसलं का?"

"मला? मी पुढचा बर्फ बघत असते बाई. मागे वळून बघितलं तर तोंडावर पडेन." ट्रूडीने नळ बंद केला. कागदाने एकेक बोट पुसलं. "आणि दिसलं असतं तरी ते सांगायचं काम ज्याचं त्याचं. वीस वर्षांत मी तुझी आणि तू माझी उठाठेव कधी केली?"

"कधीच नाही."

"मग! चल, दोन वाजत आले."

म्हणजे दिसलं? म्हणजे नाही दिसलं? लेस्या आरशासमोर उभी राहिली. आरशात काहीच वेगळं नव्हतं, आणि याचाच तिला संताप आला.

दोनला बॅगपाइप वाजला. गावचा दातांचा डॉक्टर दरवर्षी स्कॉटिश घागरा घालून तो वाजवतो, दरवर्षी एकच सूर चुकतो. त्याच्यामागून दोन्ही संघ बर्फावर आले. हस्तांदोलनं झाली, आठही जणींनी एकमेकींना "छान खेळा" म्हटलं. काचेमागे विनी बसली होती, गळ्यात हॉकेटचा लाल मफलर — आपल्याला हरवणाऱ्यांच्या बाजूने ओरडायचं, ही तिची पद्धत. पहिल्या फेरीचा शेवटचा दगड नदीनचा. ती वाकली, सरकली, दगड सोडला, आणि लेस्याला लगेच कळलं: नेमका. ना कमी, ना जास्त. फक्त पोचवायचा.

"घासा!"

ट्रूडी पुढे, मी मागे. खाली मान, दोन्ही हात, सगळं वजन दांड्यावर... आणि दगडाच्या कडेपासून झाडू वीतभर दूर. तिने तो जवळ नेला. मनगट आपोआप मागे आलं. पुन्हा नेला. त्या राखाडी कडेकडे बघताना हाताला पुन्हा ते टक् जाणवत होतं, अजून झालेलंच नसलेलं. "आई, जवळ! अगं, जवळ ये ना!" नदीन मागून ओरडत होती. वीतभर. वीतभर बर्फ न घासता दगडाखाली जात होता, दगड दमत चालला होता, आणि घराच्या दारात, रंगीत कडेला न टेकता तो उभा राहिला.

कुणी काही बोललं नाही. गेल्या वर्षीसारखंच.

नदीन सरकत आली. लाल गाल आता पांढरे पडले होते. ती झाडूवर रेलली, दगडाकडे बघून हलकेच हसली — दुसरं हसू, जुनं — आणि म्हणाली, "तुझा दोष नाही आई. माझाच हात आखडला."

नाही. नाही बाळ. लेस्याचं तोंड उघडलं होतं, थंड हवा दातांना लागत होती; आणि तिने वर काचेकडे पाहिलं. विनी टाळ्या वाजवत होती, 'पुढचा, पुढचा' अशी मान हलवत होती, आणि तिच्या चेहऱ्यावर दुसरं काहीही नव्हतं. सकाळपासून लेस्या ज्या चेहऱ्याला घाबरत होती तो हाच होता, आणि आता ती तो चेहरा अधाशासारखी चाचपत होती, एखादी आठी, एखादी रेघ... पाहिलंस ना? पाहिलंस असं म्हण. कारण पाहिलं नसेल, ट्रूडीनेही नसेल, कुणीच नसेल, तर ते सांगणारं हॉकेटमध्ये, रोवन लेकमध्ये, अख्ख्या जगात एकच तोंड होतं, आणि त्याच्यासमोर हातभर अंतरावर तिची मुलगी स्वतःच्या उजव्या हाताकडे बघत उभी होती, बोटं उघडत आणि मिटत.