कोळीफुलाचे कंद

आकारामला कंदांतलं काही कळत नसे. कोल्हापुरातल्या एका साहेबाच्या बंगल्यावर तो झाडांना पाणी घालायचा. लावणी, छाटणी, सगळी बाग त्याच्या थोरल्या बहिणीच्या, आक्काच्या हातची. नवरा वारल्यावर ती माहेरी आली आणि बारा वर्षं त्या बागेत राबली. कोळ्याच्या पायांसारख्या लांब पाकळ्यांची पांढरी फुलं तिनं वाढवली होती. साहेब त्यांना लिली म्हणे, आक्का कोळीफूल.

शाहू महाराज गादीवर येऊन चार-पाच वर्षं झाली होती, आणि गावात प्लेग शिरला होता. वैशाखात साहेबानं कोळीफुलांचा वाफा मोडून तिथं टेनिस खेळायची जागा करायचं ठरवलं. बागेत दुसरीकडं लावायला आक्कानं दीडशे कंद उकरून पडवीत पसरले. दोन दिवसांनी तिला ताप भरला, काखेत गाठ आली. शिपायांनी तिला गावाबाहेरच्या तट्ट्याच्या झोपड्यांत नेऊन ठेवलं. आई, धोंडुबाई, आधीच कुरुंदवाडला मामाकडं गेली होती.

आकाराम तिथं गेला, तर काट्याच्या कुंपणापासून वीस पावलांवर शिपायानं त्याला अडवलं. तो पाया पडला. शिपाई नुसता मान हलवत राहिला.

आक्का झोपडीच्या दारात बसली होती. तोंड सुजलेलं. दुखतंय का, पाणी कोण देतं, असं कितीतरी त्याला विचारायचं होतं. त्याआधी तिनंच हाक मारली.

"कंद लावलंस का?"

"न्हाय."

"मिरगाच्या आत लाव. मागनं चिखल हुतोय, कंद कुजत्यात."

मग दम घेत घेत ती सांगत राहिली. वाफा उंच कर, पाणी साचू देऊ नको. मातीत नदीची वाळू घाल, जुनं कुजलेलं शेणखत घाल, ओलं शेण नको. दोन कंदांत हातभर अंतर ठेव. मुळं तोडू नको.

"आनि मान झाकू नगंस. कंद मातीत, मान वर."

तो प्रत्येक गोष्टीला व्हय म्हणाला. शेवटी त्यानं विचारलं, "तू कवा येणार?"

"पाणी एकदाच दे," ती म्हणाली. "पान फुटंस्तवर परत देऊ नगंस."

दुसऱ्या दिवशी तिला बसवेना. तिच्या शेजारच्या झोपडीत नवऱ्याची सेवा करणारी लालबी निरोप पोचवू लागली. किती लावले, असं आक्का विचारत होती. साठ झाले, असं त्यानं सांगितलं. लालबी आत जाऊन आली.

"पुरं कर म्हंती."

तिसऱ्या दिवशी कुणीच बाहेर आलं नाही. चौथ्या दिवशी आक्काची झोपडी जळत होती. ती पहाटेच गेली, सरकारी माणसांनी दहनही उरकलं, असं शिपायानं सांगितलं. कळवायला माणूस नव्हता, हेही सांगितलं. तो वाईट माणूस नव्हता. आकारामला त्याच्यावर रागही धरता येईना.

तो बागेत परतला आणि उरलेले कंद लावायला बसला. पहिले साठ लावताना न पडलेला प्रश्न आता पडला. मान वर, पण किती वर? एक बोट, की अर्धं? हे विचारायचं राहून गेलं होतं. त्यानं एक कंद लावला, उकरला, पुन्हा लावला, पुन्हा उकरला. संध्याकाळपर्यंत नऊच झाले. बाकीचे दुसऱ्या दिवशी कसेबसे, अंदाजानं.

आषाढात प्लेगपायी अडवलेले रस्ते मोकळे झाले आणि आई परत आली. रडणं आवरल्यावर तिनं आक्का काय बोलली ते विचारलं. त्यानं सगळं सांगितलं, वाळू, खत, अंतर. आई ऐकत राहिली. मग म्हणाली,

"तिथं तिला खायला काय देत हुते रं?"

 आकारामनं ते विचारलंच नव्हतं.