फोकसबाहेरचा टेक

त्याने पुन्हा दिव्याला हात घातला, तेव्हा कॅमेरावालीने त्याचं मनगटच धरलं.

"सर, एकतर कॅमेरा तुम्ही घ्या, नाहीतर मला तरी चालवू द्या."

तो ओशाळून हसला आणि खिडकीपाशी गेला, तिथून दाराशी, दारापासून परत खिडकीपाशी. बावीस वर्षं त्याने इतरांच्या सिनेमांचं छायाचित्रण केलं होतं. ही मुलगी त्यातली नऊ वर्षं त्याची सहायक होती. आता तो दिग्दर्शक होता आणि कॅमेरा तिच्याकडे होता, पण हे त्याच्या हातांना कोणी सांगितलं नव्हतं. दिग्दर्शक म्हणून त्याचा पहिला सिनेमा सपशेल आपटला. चित्रं देखणी, पण माणसं कुठेत, असं ज्याने त्याने सुनावलं. बायकोने तर जखमेवर मीठच चोळलं, "माझ्याकडेसुद्धा तुम्ही उजेड चांगला असला तरच बघता." हा दुसरा पडला, तर तिसरा कोणी देणार नव्हतं.

आज चित्रीकरणाचा तिसावा आणि शेवटचा दिवस. शेवटचा प्रसंग उरला होता: आई घर सोडून निघालेल्या लेकीला निरोप देते. आईचं काम करणाऱ्या वयस्कर नटीला सगळेच मावशी म्हणत. त्यांनी कुठे थांबायचं, ते फरशीवर चिकटपट्टी लावून ठरवलं होतं. कारण फोकस तिथलाच लावलेला होता.

पहिला टेक त्यानेच अर्ध्यात तोडला. खिडकीच्या पडद्याची सावली मावशींच्या गालावर आली होती.

"अरे बाबा," मावशी म्हणाल्या, "आत्ता कुठे गळ्याशी आलं होतं."

दुसऱ्या टेकला त्या चोख बोलल्या, खुणेवर चोख थांबल्या, आणि कोणालाच काही वाटलं नाही. त्याला स्वतःचाच राग आला. त्याने खुर्ची उचलली आणि भिंतीकडे तोंड करून बसला.

"घ्या तिसरा. मी फक्त ऐकतो."

भिंतीचे पोपडे मोजत तो ऐकत राहिला. मावशी एक वाक्य विसरल्या. थांबल्या. मग पावलं वाजली, नको तिथे वाजली. 'कट' म्हणायला त्याचा हात आपोआप वर चालला होता. तो त्याने मांडीखाली दाबून धरला.

"पोचलीस की कळव हं," मावशींचा आवाज आला. "नाही कळवलंस तरी चालेल."

हे दुसरं वाक्य लिहिलेलंच नव्हतं. त्याला भडभडून आलं. 'कट' म्हणायला त्याला बराच वेळ लागला.

"खूण सोडून पुढे आल्या त्या," कॅमेरावाली लगेच म्हणाली. "फोकस गेला. परत घेऊ."

"नको. हाच ठेवायचा."

"अहो सर, चेहरा धूसर आलाय! माझा पहिलाच सिनेमा आहे. लोक म्हणतील, हिला कॅमेरा धरता येत नाही."

त्याने मॉनिटरवर पाहिलं. ती म्हणत होती ते खरंच होतं. तिच्या जागी तो असता, तर असल्या शॉटसाठी त्याने दिग्दर्शकाशी उभा दावा मांडला असता.

"मग छायाचित्रणात माझं नाव टाकू. शिव्या मला बसू देत."

आपण फार मोठं मन दाखवलं असं त्याला वाटलं. तिचा चेहरा मात्र खर्रकन उतरला.

"म्हणजे बाकीचे एकोणतीस दिवसही तुमचेच?"

"चुकलो," एवढंच तो पुटपुटला.

फोकस सावरायच्या धडपडीत मावशींचं एक अक्षर तिच्या कानात शिरलं नव्हतं. तिने हेडफोन चढवला आणि टेक पहिल्यापासून लावला. तो तिच्या मागे येरझारा घालत राहिला. मध्येच तिने नाक पुसलं.

"मॅडम, चौथा टेक ना?" दिवेवाल्याने विचारलं.

"नाही. दिवे काढा," हेडफोन उतरवत ती म्हणाली. मग त्याच्याकडे न बघता, "आणि नाव माझंच राहील, सर."